डावखुरी हेमलता

नोएडा, ११ जून १९९५

आदरणीय हेमलताबाई,

तुम्ही मला ओळखण्याचं काही कारण नाही. मी मात्र तुम्हाला करमाळ्याच्या जत्रेतल्या तंबूपासून ओळखतो.

तुमचा पत्ता समर्थने दिला. तो मिरजेचा. इथे दिल्लीत मुखर्जी नगरात राहून कलेक्टर व्हायची तयारी करतो आणि रविवारी आमच्याकडे जेवायला येतो. वरणावर तूप वाढून घेताना सहज म्हणाला, आमच्या गल्लीत जुन्या सिनेमातल्या एक आजी राहतात, अंगणात बॉल गेला तर परत देत नाहीत. मी नाव विचारलं. घास हातातच राहिला. मी समजत होतो की तुम्ही... असो. बॉल मुळीच देऊ नका.

मी भालचंद्र निमकर. एका मंत्रालयात भाषांतरकार होतो, म्हणजे दिवसा 'उपरोक्त विषयाच्या संदर्भात' आणि संध्याकाळी नाटकं. लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरात असताना इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीत दरवर्षी माझं नाटक होई, आणि विषय एकच: जुन्या बोलपटातला एखादा तारा. एक नट जन्मभर नारदच झाले आणि शेवटी घरातही त्यांचं कुणी मनावर घेईना, त्यांच्यावर एक. एक स्टंटराणी घोड्यावर इतकी बसली की म्हातारपणी तिला खुर्चीत चैन पडेना, तिच्यावर एक. लोक म्हणत, निमकर, आता जिवंत माणसांवर लिहा. मी विचारी, ही काय मेलीत?

सगळ्यात गाजलं ते तुमच्यावरचं, 'डावखुरी हेमलता'. मास्तर लहानग्या हेमलतेच्या डाव्या हातावर छडी मारतात, आई तो हात पदराने बांधून ठेवते, आणि पुढे स्टुडिओत दिग्दर्शक म्हणतो, "बाई, हात मोकळा सोड. पडद्याला हाच शोभतो." या वाक्याला टाळी पडली नाही असं एकदाही झालं नाही. सचिवांच्या बायका रडल्यात. प्रसंग माझ्या कल्पनेतला, पण हात खरा. त्या हाताने एकतारी वाजवणाऱ्या, पत्र लिहिणाऱ्या, डाव्या गालावरच्या तिळाशी बोट नेऊन विचारात पडणाऱ्या तुम्हाला मी लहानपणी अगदी जवळून पाहिलंय.

आता रिटायर होऊन मुलाकडे, जयेशकडे, नोएडाला राहतो. इथे वस्त्यांना नावं नाहीत, सेक्टरांना नंबर आहेत. झाडं अजून माझ्या कमरेएवढी. गच्च्यांवर मात्र वाळत घातलेल्या छत्र्यांसारख्या डिश लागल्यात, आणि त्यांवर दिसणाऱ्या एका नव्या चॅनेलात आमच्या जुन्या शेजाऱ्यांचा जयदीप मोठ्या जागेवर आहे. त्याला या नाटकांची हिंदी मालिका करायची आहे. पहिला भाग तुमचा. म्हणतो, "काका, लेफ्ट हँडवाला सीन सॉलिड आहे यार, त्याच्यावर सगळी सीरियल उभी राहील."

बाकीचे तारे मावळलेत, तुमची मात्र लेखी परवानगी हवी. कागद सोबत आहे, सही करून पाठवावा. त्या हाताची सही बघायला आतुर आहे.

शाळेत आम्हाला कविता चालीवर पाठ करायला लावत, ती खोड गेली नाही. म्हणून दोन ओळी वाहतो:

तंबूमधल्या काळोखी त्या तूच दिवा लावियला,
डोळे थकले, तरीहि म्हणती, अजून नाही विझला.

कवितेत देवालाही 'तू' म्हणतात. राग नसावा.

नम्र,
भालचंद्र निमकर


नोएडा, २ जुलै १९९५

आदरणीय हेमलताबाई,

कार्ड पोचलं. आधी वाटलं, चुकून दुसऱ्याच कुणाचं माझ्या नावे आलं. "मी डावखुरी नाही, कधीच नव्हते. हेमलता हे कंपनीने ठेवलेलं नाव. मी पार्वती माने. तुमच्या नाटकातली बाई दुसरी कुणी आहे, तिची सही घ्या."

पार्वतीबाई, रागावू नका, पण तुम्ही विसरला तर नाहीत ना? माणूस पुष्कळ गोष्टी विसरतो. मी स्वतः काल दूधवाल्याला 'या, बसा' म्हणालो. पण एकतारी तुम्ही डाव्या हातात घेतली नव्हती, असं मी कसं मानू? मी जयदीपला तुमचं म्हणणं सांगून पाहिलं. त्याच्या कमरेचा पेजर सारखा वाजत होता, त्यातून त्याने एवढंच ऐकलं आणि म्हणाला, "राइट हँडवाल्या तर सगळ्याच असतात काका. मग ह्यांच्यात काय स्पेशल?"

मला त्याचा राग आला.

घाई अजिबात नाही. स्टुडिओत फक्त तुमच्या घराची भिंत रंगवून झालीय, आणि अक्षया, जी तुमची भूमिका करते, ती गेले काही दिवस डाव्या हाताने जेवतेय. तिच्या सासूबाई तिच्याशी बोलायच्या थांबल्यात.

खरं सांगू? माझं सगळं लिखाण गणपतीचा मांडव उतरला की त्याच्याबरोबर उतरलं. बघणारे तेच, टाळ्या देणारे तेच, आणि नंतर मसालेभाताच्या रांगेत पुढे घुसणारेही तेच. मंडळाबाहेरच्या कुणी माझी एक ओळ ऐकली, असं आयुष्यात झालेलं नाही. आत्ता होईल असं वाटलं होतं. तुमच्या सहीवाचून ते होत नाही.

अर्थात, माझ्या हौसेसाठी तुम्ही डावखुरं व्हावं असं मी कोण म्हणणार. फक्त एकदा आठवून बघा.

भालचंद्र निमकर


नोएडा, २३ जुलै १९९५

आदरणीय पार्वतीबाई,

तुम्ही एकच ओळ पाठवलीत, "तुम्ही तंबूत बसला होता कुठे?" परीक्षकाने मुद्द्याचा प्रश्न विचारावा तसं झालं. सांगतो. लाजण्याजोगं आहे थोडं.

मी बायकांत बसत असे. वडील पुरुषांच्या बाजूला, आणि मी आईबरोबर, माझ्या विजयाताईला खेटून. मध्ये पडदा, अलीकडे पुरुष, पलीकडे बायका. खेळाआधी तंबूवाला पडद्यावर पाण्याच्या बादल्या ओतायचा, ओला झाला की आमच्या बाजूलाही चित्र लख्ख दिसे. माझ्या आईचं पुरुषांपेक्षा बारीक लक्ष. तिने पहिल्याच खेळात शोध लावला की सिनेमातल्या सगळ्या बायका गुजराती असतात, कारण पदर उजव्या खांद्यावर. मग गल्लीतल्या दोघीतिघींनी तसा पदर घेऊन पाहिला आणि सासवांच्या शिव्या खाल्ल्या.

आणि मध्ये पाट्या यायच्या ना, 'काही वर्षांनंतर' वगैरे, त्या आमच्यातल्या कुणाला वाचता येत नसत. मी पहिलीत होतो, हातातल्या पाटीवरचा ग ओळखायचो, पडद्यावरचा कधीच ओळखला नाही. आईला विचारलं, तर म्हणाली, "मोडी असेल, बाळ." मला ते पटलं होतं. सिनेमा म्हणजे जुन्या राजेरजवाड्यांचा, तो मोडीतच असणार, ती अक्षरं सगळी उलट्या तोंडाने...

थांबा.

(शाई वेगळी आहे, कारण मधे पेन घरंगळून पलंगाखाली गेलं.)

पार्वतीबाई, मी हाच कागद उचलून खिडकीच्या काचेवर पाठमोरा धरला. बाहेर उजेड होता. माझंच अक्षर, आणि हुबेहूब आईची मोडी. नात आली, मैत्रेयी, म्हणाली, "आजोबा, ये तो मिरर रायटिंग है. ॲम्ब्युलन्सवर असतं तसं."

मोठेपणी पुण्यात सिनेमे पाहिले, तिथे सगळ्यांचे पदर डाव्या खांद्यावर. मला वाटलं, फॅशन बदलली. तुमचे सिनेमे तर पुन्हा लागलेच नाहीत. एकदा रद्दीत तुमचं कॅलेंडर मिळालं, त्यात तीळ उजव्या गालावर. मी म्हटलं, छापखानेवाल्यांनी ब्लॉक उलटा लावला, गाढव कुठले.

छडी, बांधलेला हात, दिग्दर्शकाचं वाक्य, टाळ्या. सगळं एका ओल्या कापडाच्या मागच्या बाजूचं.

तुम्ही डावखुऱ्या नाही. तुमचं बरोबर. वाईट वाटायला हवं, पण नात खेळायला गेल्यावर एकटाच हसलो आणि जयेशने ऑफिसातून फोन केला तेव्हाही हसतच होतो. त्याने सूनबाईला विचारलं म्हणे, बाबांचं बीपी पाहिलं का.

जयदीपला अजून सांगितलेलं नाही.

तुमचा,
भालचंद्र


नोएडा, २० ऑगस्ट १९९५

आदरणीय पार्वतीबाई,

कार्डांवर भागवणाऱ्या बाईंकडून एवढं जाडजूड पाकीट. मी ते बाल्कनीत नेऊन वाचलं. लाइट गेली होती, सगळा सेक्टर बाल्कनीतच होता.

म्हणजे तंबूवाला खुद्द तुम्हालाच जत्रेच्या गावी घेऊन आला होता. दिवसाढवळ्या, टांग्यातून, केसांत फुलं घालून. पुरुषांनी जागा करून दिली, आणि बायकांच्या घोळक्यातून एक पोरगी ओरडली, "ही नव्हे ती. हिचा तीळ बघा." आणि एकेक करून सगळ्यांनी तोंड फिरवलं. गाव कोणतं ते तुम्हाला आठवत नाही, करमाळा असेल किंवा बार्शी. तुम्ही लिहिता, "टीका करणारे पुष्कळ भेटले, त्यांचं काही वाटलं नाही. पण मी मी नाही, असं बायकांनी का म्हणावं, हे मला आजवर कळलं नव्हतं. त्यानंतर मी लोकांत गेले नाही, आणि दोन चित्रांनंतर कामही सोडलं. तुमचं पत्र वाचलं आणि कळलं. मी उठून आधी चहा केला."

मीही तेच केलं. एवढ्या अंतरावरून दोघांनी एकाच गोष्टीवर चहा घ्यावा, याला काय म्हणायचं.

तुमची अट मान्य आहे. छडीचा प्रसंग काढला. टाळीचं वाक्य कापताना जीव थोडा कळवळला, जुन्या भाडेकरूला घर सोडायला सांगावं तसं वाटलं. त्या जागी टांगा, फुलं, आणि तोंड फिरवणाऱ्या बायका. मसुदा सोबत पाठवतोय. आधी त्यात मी एक कविता घातली होती, मग तुमच्या पत्रातली वाक्यं वाचली आणि कविता काढली. हे माझ्या हातून पहिल्यांदाच घडतंय, याची नोंद घ्यावी.

जयदीपला काल त्याच्या काचेच्या केबिनात जाऊन सगळं सांगितलं. आधी त्याला कळेना. शेवटी मी टेबलावरचा पातळ कागद घेऊन त्यावर त्याचं नाव लिहिलं आणि ट्यूबलाइटसमोर उलटा धरला. पेजर वाजला तो त्याने बंद केला.

"काका, त्या बायकांचं चुकलंच नव्हतं म्हणजे."

"नाही."

"आणि ह्यांचंही नाही."

"नाही."

"तो डावा हात जाऊ दे," तो म्हणाला. "पण ह्या आजी स्वतः कॅमेऱ्यासमोर येऊन सांगतील का हे?"

तो प्रश्न मी तुमच्यापुढे जसाच्या तसा ठेवतो. हो म्हटलंत तर मालिका होते. नाही म्हटलंत तरी मी तुम्हाला पत्रं लिहीतच राहणार, तेव्हा त्या धाकाने हो म्हणू नका.

तुमचा,
भालचंद्र


नोएडा, २५ सप्टेंबर १९९५

प्रिय पार्वतीबाई,

परवानगीचा कागद मिळाला. सही ठसठशीत आहे, उजव्या हाताची. येते म्हणालात, त्याने घरात दसऱ्याच्या आधीच दसरा झालाय. गोवा एक्सप्रेस मिरजेहून थेट निजामुद्दीनला येते, समर्थ आणि मी घ्यायला येऊ. नोव्हेंबरात या, तेव्हा इथे ऊन अंगावर घ्यावंसं वाटतं. शाल आणा. लोणचं आणू नका, म्हणजे आणलंत तर नाही म्हणणार नाही.

अक्षया पुन्हा उजव्या हाताने जेवू लागली आहे आणि सासूबाई बोलू लागल्या आहेत. तिला बोलणं बंद असतानाच बरं वाटत होतं म्हणे.

दुसरं म्हणजे, मी गाझियाबादला विजयाताईकडे जाऊन आलो. ती मुलाकडे असते. माझ्याहून वयाने बरीच वडील, तिची आठवण पक्की, म्हणून गावाचं विचारलं. ती लगेच म्हणाली, "करमाळाच. जत्रेतच आणली होती. पण ती खोटी होती, तंबूवाल्याने कुठून तरी उभी केलेली."

मी तिला सगळं समजावलं. पडदा, पाणी, खिडकीच्या काचेवरचा कागद. तिने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तू लहान होतास." मी पदराचं सांगितलं, पाट्यांचं सांगितलं. "भालू, मी तिचे सगळे सिनेमे दोनदोनदा पाहिलेत. तिला मी झोपेतही ओळखीन." मी म्हटलं, बाई मिरजेत आहेत, मला पत्रं लिहितात. ती म्हणाली, "लिहीत असेल. खोट्या माणसांना लिहिता येत नाही असं थोडंच आहे."

मग ओरडलं कोण, ते विचारलं. तर ते तिला आठवत नाही म्हणे, आणि ती गॅसवरचं दूध बघायला उठली. मीही मागोमाग स्वयंपाकघरात गेलो. गॅसवर दूध नव्हतं.

तुम्ही आलात की तिला स्टुडिओ दाखवायला म्हणून आणीन म्हणतो. तुमची हरकत असेल तर आत्ताच कळवा. ती माणूस म्हणून वाईट नाही. लहानपणी डोळ्यांवर येणारी माझी टोपी तीच सरळ करायची.

तुमचा,
भालचंद्र


नोएडा, २६ नोव्हेंबर १९९५

प्रिय पार्वतीबाई,

तुम्ही सुखरूप पोचल्याचं कार्ड आलं, आणि बॉल आता परत देता हे समर्थच्या घरून कळलं. गल्लीचा धाक गेला म्हणायचा.

जयदीपच्या साहेबांनी पहिला भाग पास केला. तुम्ही बोलत असताना कॅमेऱ्यामागचा तो उंच सरदारजी डोळे पुसत होता. त्याला मराठी कळत नाही, आणि हिंदी अनुवाद मी तोवर केलाही नव्हता. जयदीप म्हणाला, काका, सबटायटल पण तुम्हीच लिहा. मी म्हटलं, लिहितो, पण सरळ बाजूने. पुढचा भाग नारदांचा ठरलाय. मंडळातल्या लोकांना कळल्यापासून ते मला रांगेत पुढे जाऊ देतात.

तुम्ही विचारलंत की मेकअपच्या खोलीत आलेल्या त्या काठीवाल्या बाई कोण होत्या. तुम्ही "बसा, कुणाच्या आपण?" म्हणालात आणि त्या तशाच निघून गेल्या, तेव्हा तुमच्या तोंडून काही अधिकउणं गेलं का. नाही. ती माझी ताई.

फाटकापासून ती म्हणत होती, चल, बघू तरी तुझी तोतया कोण आहे ती. खोलीत शिरली तेव्हा तुमची पाठ तिच्याकडे होती. तुम्ही आरशाकडे तोंड करून बसला होतात, भोवती ते गोल दिवे, आणि मेकअपवाला तीळ झाकायला निघाला होता, त्याला तुम्ही थांबवत होतात. मी दारात होतो, मला तुम्ही दोघी दिसत होतात. ताईने तुमच्या पाठीकडे पाहिलंच नाही. ती सरळ आरशात बघत राहिली. मेकअपवाला म्हणाला, "माताजी, ज़रा लाइट से हटिए." ती हटली नाही. तिथल्या कपड्यांच्या पेटीला टेकून उभी राहिली. तेवढ्यात तुम्ही मागे वळून तिच्याशी बोललात, आणि ती चालू लागली.

टॅक्सीने तिला घरी सोडायला निघालो. हिंडन नदीचा पूल आला, ट्रक अडकून पडले होते, तेव्हा बाहेर बघतच म्हणाली,

"आरशात तीच होती रे. वळली आणि पुन्हा दुसरीच झाली."

मी समजावलं असतं तर तिने मला पुन्हा 'तू लहान होतास' म्हटलं असतं.

"मीच ओरडले होते," ती म्हणाली. "मला वाटलं, आम्हाला फसवतायत. मी तिच्यासाठी अबोलीचा गजरा करून नेला होता. फेकून दिला."

मी म्हटलं, पत्रात कळवतो. तर म्हणाली, तू कळवशील ते कवितेत. कागद दे इकडे. हा खालचा मजकूर तिचा. मी त्यातली एक वेलांटीही हलवलेली नाही.

तुमचा,
भालचंद्र


पार्वतीबाईंना विजयाचा नमस्कार. भालूने सांगितलं असेलच. तुम्ही खऱ्या होता, पण आम्हीही खोटं बोललो नव्हतो. आम्हाला जिथे बसवलं तिथून तुम्ही तशाच दिसायच्या. पुन्हा दिल्लीला याल तेव्हा भालूकडे उतरू नका, त्याच्याकडे सारखी लाइट जाते. माझ्याकडे या. माझ्या कपाटाला मोठा आरसा आहे. तुम्ही त्याच्याकडे तोंड करून बसा, मी मागे बसेन. गजरा मी माळून देईन. मग आपण बोलू.